घरचा माणूस रस्ता अपघातात गेला, तर मागे राहिलेल्यांचा हक्क काय?

प्रश्न : माझे पती ३४ वर्षांचे होते. सोलापूरच्या पूर्व भागातल्या कारखान्यात मागावर टॉवेल विणायचे. महिन्यापूर्वी ट्रकने त्यांच्या दुचाकीला उडवलं. घरी सासूबाई, मी आणि दोन लहान मुलं. पगाराची चिठ्ठी कधी मिळालीच नाही. आता ट्रकमालकाची माणसं दोन लाख देतो म्हणतात, स्टॅम्पवर सही मागतात.

ताई, सही करू नका. तेराव्याच्या आधीच असे कागद पुढे येतात, आणि घरात कोणी शुद्धीवर नसतं. मुलं अज्ञान, म्हणजे अठरा वर्षांखालची आहेत, त्यांच्या वाट्याची तडजोड न्यायालयाच्या परवानगीशिवाय होत नाही.

भरपाईचा हिशोब बघा, म्हणजे दोन लाख किती कमी आहेत ते कळेल. उत्पन्न महिना १५,००० धरलं तर वर्षाचे १,८०,०००. चाळिशीच्या आतल्या, कायम नोकरी नसलेल्या माणसासाठी भविष्यातल्या वाढीचे ४० टक्के मिळवायचे : २,५२,०००. अवलंबून असलेले चौघे, म्हणून त्यांचा स्वतःचा खर्च एक चतुर्थांश वजा : १,८९,०००. याला वयानुसार ठरलेल्या आकड्याने, म्हणजे गुणकाने, गुणायचं; वय ३१ ते ३५ असेल तर गुणक १६. होतात ३०,२४,०००. पती, वडील, मुलगा गमावल्याची रक्कम वेगळी. २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती ४०,००० ठरवली, दर तीन वर्षांनी त्यात १० टक्के वाढ. ही तुम्हाला, मुलांना आणि सासूबाईंनाही. त्यांचं नाव अर्जात वगळू नका. सून-सासूचं पटत नाही म्हणून आईला बाहेर ठेवलेले अर्ज मी पाहिलेत, फार वाईट वाटतं.

राहिला उत्पन्नाचा पुरावा. एका बाईंनी माझ्याकडे भिशीची वही आणली होती, पतीच्या अक्षरात, दर महिन्याला ठरलेली रक्कम, एकही खाडा नाही. अशी वही, बँकेचं पासबुक, घरभाडं, शाळेच्या फीच्या पावत्या, शेजारच्या मागावर काम करणाऱ्याची साक्ष, सगळं गोळा करा. कागद नाही म्हणून किमान वेतनाच्या दरावरच थांबलं पाहिजे असं नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये स्पष्ट केलं आहे. फक्त अपघातापासून सहा महिन्यांच्या आत मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात दावा दाखल करा.

प्रश्न : आई ५२ वर्षांची होती, घरीच विड्या वळायची. रिक्षातून जाताना अपघातात गेली. विमा कंपनीचा माणूस म्हणतो, मुलगा कमावता आहे, मग अवलंबून कोण?

तो अर्धंच सांगतोय. कमावती, लग्न झालेली मुलंही वारस म्हणून दावा करू शकतात, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये म्हटलं. किती अवलंबून होता ते नंतर तपासलं जातं. वडील असतील तर त्यांचं नाव आधी.

आईची कमाई दोन होती. हजार विड्यांमागची मजुरी एक. तिचं विडी कामगार ओळखपत्र आणि भविष्यनिर्वाह निधीचा खाते-उतारा शोधा. दुसरी, घर चालवण्याची. पहाटेचं पाणी भरण्यापासून नातवाला झोपवण्यापर्यंतच्या या कामाचं मोल पैशात धरायचं, हे न्यायालयांनी मान्य केलेलं आहे. ५१ ते ५५ वयाला गुणक ११.

प्रश्न : मोहोळजवळ भावाला कोणत्या वाहनाने धडक दिली ते कळलंच नाही. मग कुणाकडून मागायचं?

अशा मृत्यूसाठी केंद्र सरकारच्या योजनेत १ एप्रिल २०२२ पासून २ लाख रुपये मिळतात. अर्ज महसूल खात्याकडे, म्हणजे प्रांत किंवा तहसील कार्यालयात करायचा; सोबत फिर्यादीची प्रत आणि शवविच्छेदन अहवाल. पण पोलिसांकडे पाठपुरावा सोडू नका. टोलनाक्याचे आणि ढाब्यांचे कॅमेरे पहिल्या काही दिवसांतच तपासायला लावा, जुनं चित्रीकरण पुसलं जातं. वाहन सापडलं तर पूर्ण दावा करता येतो, हे २ लाख त्यातून वळते होतात.

प्रश्न : अपघात विजयपूरकडे, कर्नाटकात झाला. तिकडे खेपा घालाव्या लागतील का?

नाही. तुम्ही सोलापुरात राहता, म्हणून इथल्याच मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात अर्ज चालतो. फिर्याद आणि पंचनामा कन्नडमध्ये असणार. प्रमाणित प्रती घ्या आणि मराठी भाषांतर आत्ताच करून ठेवा.