बोर्डावर बसणारा संदर्भग्रंथ

प्रश्न : पदवीच्या पुस्तकांतले ट्रान्झिस्टर, ऑप-अँप झाले आहेत. आता फोटोडायोडसाठी (प्रकाशानुसार प्रवाह देणारा डायोड) केलेला अँप्लिफायर सिम्युलेशनमध्ये नीट चालतो, बोर्डावर मात्र ऑसिलेट होतो, म्हणजे आउटपुट आपोआप डोलत राहते. पुढचा संदर्भग्रंथ कोणता घ्यावा? ग्रे-मेयर यांचे पुस्तक घ्या, असा सल्ला मिळतो.

उत्तर : ग्रे-मेयर आत्ता नको. ते आयसीच्या आतल्या सर्किटांचे पुस्तक. एकाच सिलिकॉनवरचे ट्रान्झिस्टर जवळपास जुळे असतात, या भरवशावर तिथली बरीच सर्किटे उभी आहेत. त्यांतलाच करंट मिरर (एका ट्रान्झिस्टरचा प्रवाह दुसऱ्यात तसाच उतरवणारे सर्किट) सुट्या ट्रान्झिस्टरांनी केलात आणि त्यांच्या बेस-एमिटर व्होल्टेजमध्ये १० मिलिव्होल्टचा फरक निघाला, तर प्रवाह जवळजवळ ५० टक्क्यांनी चुकतो. दोन्ही एमिटरांत रेझिस्टर टाकून त्यांवर २५० मिलिव्होल्ट पडू दिले की चूक चार टक्क्यांच्या आत येते.

पुस्तक चाळताना आपलाच अडलेला प्रश्न सोबत न्या. शेवटच्या सूचीत 'ट्रान्सइम्पीडन्स' शोधा; प्रवाहाचे व्होल्टेज करणाऱ्या तुमच्यासारख्या अँप्लिफायरचे हे नाव. फीडबॅक रेझिस्टर १०० किलोओहम, इनपुटला डायोड, ऑप-अँप आणि वायर मिळून १०० पिकोफॅरड, ऑप-अँपचा गेन-बँडविड्थ गुणाकार १० मेगाहर्ट्झ. मग ऑसिलेशन थांबवायला रेझिस्टरला समांतर किती कपॅसिटर लावायचा? हे काढायची रीत पुस्तकात हवी. (उत्तर सुमारे ४ पिकोफॅरड, बँडविड्थ ४०० किलोहर्ट्झच्या आसपास.) 'प्रवाह गुणिले रेझिस्टर म्हणजे आउटपुट' एवढ्यावरच थांबणारे पुस्तक खाली ठेवा. तुमचे दुखणेही बहुधा इथेच आहे : सिम्युलेशनमध्ये डायोडच्या जागी नुसता करंट सोर्स असेल, तर डायोडचा कपॅसिटन्स हिशेबात आलेलाच नाही.

या कसोटीवर होरोविट्झ-हिल यांचे 'द आर्ट ऑफ इलेक्ट्रॉनिक्स', तिसरी आवृत्ती (२०१५), घ्या. प्रिसिजन सर्किटे आणि लो-नॉइज ही दोन प्रकरणे आधी वाचा. गणित मात्र तिथे हात राखून आहे. सूत्र आले कुठून, असा प्रश्न सतत पडत असेल तर टीट्झे-शेंक यांचे 'इलेक्ट्रॉनिक सर्किट्स' जोडीला ठेवा. त्यात ट्रान्झिस्टरच्या मॉडेलपासून मांडणी आहे, वाचायला जड.

प्रश्न : 'द आर्ट ऑफ इलेक्ट्रॉनिक्स'चीच १९८९ची दुसरी आवृत्ती चालेल का?

उत्तर : बायसिंग, फीडबॅक, नॉइजचा हिशेब यांसाठी खुशाल. पार्टांच्या तक्त्यांवरून खरेदी मात्र करू नका, त्यांतले बरेच नंबर आता बनत नाहीत. आणि २०२० साली आलेला 'एक्स-चॅप्टर्स' हा खंड तिसऱ्या आवृत्तीची पुरवणी आहे; मूळ ग्रंथाऐवजी तो घेऊ नका.