धरणीच्या आवाजाला उत्तर कुणी द्यायचं?

प्रश्न : सर, मी कळमनुरी तालुक्यातली. नांदेडला बी.एस्सी.च्या शेवटच्या वर्षाला आहे, भूशास्त्र माझा विषय. 10 जुलै 2024 ला सकाळी सव्वासातच्या सुमारास भूकंपाचा धक्का बसला तेव्हा आजी अंगणात होती. मांडणीवरची भांडी वाजली आणि ती धरणीमायला हात जोडून खालीच बसली. आमच्या भागात जमिनीतून आवाज येतात. दर वेळी कुणीतरी येऊन 'घाबरू नका' म्हणून जातं. देशात भूगर्भाचं जे सगळ्यात मोठं खातं आहे, त्याच्या प्रमुखांनीच याचं उत्तर द्यायला नको का? ते नेमकं करतात तरी काय? आणि शेतकऱ्याच्या घरातली मुलगी त्या जागेवर पोचू शकते का? वडील म्हणतात, बी.एड. कर.

उत्तर : पोरी, हाच प्रश्न मला 1993 च्या ऑक्टोबरात उमरगा तालुक्यातल्या एका म्हाताऱ्यानं विचारला होता. मी तेव्हा भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणात, म्हणजे जीएसआयमध्ये, खालच्या पायरीवरचा भूवैज्ञानिक. 30 सप्टेंबरच्या पहाटे किल्लारी हादरली, लातूर आणि तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यात हजारो माणसं माळवदाखाली गेली. आमचं काम होतं गावोगाव फिरून तीव्रतेचा नकाशा करायचा. म्हणजे लोकांना विचारायचं : तुम्ही झोपेत होतात का, भांडी कोणत्या बाजूला पडली, आवाज आधी आला की धक्का, दगड-मातीची भिंत आत कोसळली की बाहेर? ज्याच्या घरात तीन माणसं गेली त्याला भांड्यांची दिशा विचारायची. ते म्हातारबा माझ्या वहीकडं बघत राहिले आणि म्हणाले, "तुमचा सगळ्यात वरचा साहेब कोण? त्याला इचारा, परत येतंय का?"

मी तेव्हा गप्प बसलो. आज तुला सांगतो, कारण ते त्यांनाही सांगायला हवं होतं. सगळ्यात वरच्या साहेबालाही ते माहीत नव्हतं. किल्लारी भागात 1992 मध्येच धक्क्यांची मालिका झाली होती आणि पुढं मोठा भूकंप आला. पालघर-डहाणूकडं 2018 च्या नोव्हेंबरपासून शेकडो धक्के झाले, तिथं मात्र किल्लारीसारखं काही घडलं नाही. सुरुवातीला दोन्ही मालिका सारख्याच दिसतात. कोणती कुठं जाईल हे ओळखायची रीत जगात कुणाजवळच नाही. म्हणून तारीख-वार सांगणारा माणूस तुझ्या गावात आला तर तो कितीही शिकलेला असो, त्याचं ऐकू नकोस.

आता खात्यांचं. तुझ्या मनात एकच खातं आहे, प्रत्यक्षात काम वाटलेलं आहे. धक्का कुठं, किती खोल, किती मोठा, हे राष्ट्रीय भूकंपशास्त्र केंद्र सांगतं. ते पृथ्वी विज्ञान मंत्रालयाकडं आहे. किल्लारीत 617 मीटर खोल बोअर घेऊन खालचा खडक पाहिला तो हैदराबादच्या राष्ट्रीय भूभौतिकी संस्थेनं. तिथं वरचे सुमारे 338 मीटर आपला काळा पाषाण निघाला आणि त्याखाली अतिशय जुना पाया. विहिरीच्या पाण्याचा हिशेब केंद्रीय भूजल मंडळ आणि राज्याची भूजल सर्वेक्षण यंत्रणा ठेवते. 1972 पर्यंत भूजलाचा एक विभाग जीएसआयमध्येच होता, त्या वर्षी तो मंडळात गेला. जीएसआय खाण मंत्रालयाखाली येतं. खडकांचे नकाशे, खनिजांचा शोध, दरडींचा अभ्यास आणि मोठ्या भूकंपानंतर जमिनीवरची पाहणी ही त्याची कामं.

या खात्याचे प्रमुख म्हणजे महासंचालक. बसतात कोलकात्याला. 1851 मध्ये थॉमस ओल्डहॅम आयर्लंडमधून आले आणि कोळसा शोधण्याच्या निमित्तानं हे खातं उभं राहिलं, म्हणून मुख्यालय आजही तिथंच. देशाचे सहा विभाग आहेत, आपण नागपूरच्या मध्य विभागात येतो.

महासंचालकांचा दिवस कसा जातो हे मी जवळून थोडंच पाहिलं, पण त्यांच्या सहीचा परिणाम तीस वर्षं अंगावर झेलला. पाऊस सरला की आमचा फील्ड सीझन सुरू व्हायचा. कुणी कोणत्या जिल्ह्यात तंबू टाकायचा, कुठं बोअर घ्यायचं, कोणता नकाशा पुन्हा करायचा, हे सगळं आधीच ठरलेलं असायचं. त्यासाठी केंद्रीय भूवैज्ञानिक कार्यक्रम मंडळ नावाची बैठक असते. राज्यं आपापल्या मागण्या घेऊन येतात. प्रत्येकाला आपल्याकडं खनिज हवं असतं, आणि माणसं, यंत्रं, पैसा मोजका. कुठं हो म्हणायचं यापेक्षा कुठं नाही म्हणायचं, यातच त्या माणसाची कसोटी.

दुसरी कसोटी शब्दांची, आणि माझ्या मते तीच मोठी. 2023 च्या फेब्रुवारीत जम्मूतल्या रियासी भागात 59 लाख टन लिथियम खनिज असल्याचं जाहीर झालं. गावागावांत चर्चा झाली की आता देश श्रीमंत झाला. कागदावर मात्र लिहिलं होतं 'अनुमानित', आणि पायरी होती जी-3. जी-4 ही पहिली पाहणी, जी-1 म्हणजे खाण काढता येईल इतका तपशील. जी-3 म्हणजे अजून बरंच चालायचं आहे. असा एक शब्द गाळला तर कुणाची जमीन विकली जाते, कुणाचा पैसा बुडतो. मंत्रालयाला घाई असते, वर्तमानपत्रांना घाई असते. 'अनुमानित' हा शब्द जागेवर राहील एवढं पाहणं हे त्या खुर्चीचं काम आहे, आणि ते सोपं नाही.

तू विचारतेस, आपल्यातलं कुणी तिथं पोचतं का. या खात्यात हाच प्रश्न एकेकाळी फार कडू होता. प्रमथनाथ बोस हे वरिष्ठ भूवैज्ञानिक, पण 1903 मध्ये त्यांना डावलून त्यांच्याहून कनिष्ठ असलेल्या इंग्रज अधिकाऱ्याला प्रमुख केलं. बोस यांनी नोकरी सोडली, मयूरभंज संस्थानात गेले, गोरुमहिसाणीचं लोखंड शोधलं आणि 1904 मध्ये जमशेटजी टाटांना पत्र लिहून कळवलं. जमशेदपूरचा कारखाना त्या पत्रातून उभा राहिला. पहिला भारतीय प्रमुख यायला मात्र 1951 उजाडलं. एम. एस. कृष्णन. खातं स्थापन झाल्याला तेव्हा बरोबर शंभर वर्षं झाली होती. तू आता ज्या दाराशी उभी आहेस ते इतकं उशिरा उघडलंय, म्हणून म्हणतो, बिचकू नकोस.

रस्ता असा आहे. बी.एस्सी. पुरत नाही, एम.एस्सी. भूशास्त्र लागतं. नांदेडच्या विद्यापीठात ते आहे, घरापासून लांब जायला नको. मग लोकसेवा आयोगाची संयुक्त भूवैज्ञानिक परीक्षा : पूर्व, मुख्य, मुलाखत. वय 21 ते 32, राखीव प्रवर्गांना सवलत. आत गेल्यावर पायऱ्या चढायच्या. महासंचालक बहुतेक याच वाटेनं, वर्षानुवर्षं तंबूत राहून वर जातात. वडिलांना सांग, बी.एड. नंतरही करता येतं. मुली आज कॅम्पवर जातात. माझ्या शेवटच्या कॅम्पमध्ये दोघी होत्या आणि चढावर माझ्या पुढं असायच्या.

तुझ्या पहिल्या प्रश्नाकडं परत येतो. किल्लारीनं एक धडा शासनाला दिला : भूकंपाच्या नकाशात तो भाग तेव्हा सगळ्यात कमी धोक्याच्या पट्ट्यात, पहिल्या क्षेत्रात होता. 2002 मध्ये नकाशा सुधारला, पहिलं क्षेत्र काढूनच टाकलं आणि लातूरचा परिसर तिसऱ्यात आला. अशी सुधारणा होते ती वह्यांतल्या नोंदींवरून. म्हातारबांच्या भांड्यांची दिशा अशाच एका वहीत आहे.

म्हणून तुझ्या आजीची नोंद तू घे. आवाज आला की तारीख, वेळ, किती सेकंद, घरात कुठं होतीस, काय हललं, भिंतीला तडा गेला असेल तर त्याची लांबी. भिंत दगड-मातीची असेल तर त्या खोलीत आजीची खाट ठेवू नका, हे आजच करा. आणि रविवारी मळ्यातल्या विहिरीत डोकावून थर मोज : वर काळी माती, मग मुरूम, मग मांजऱ्या, मग पाषाण, मध्ये कुठं तांबडा पट्टा दिसतो का. सुट्टीत देगलूर-बिलोलीकडं गेलीस तर तुझ्या पाषाणाखाली जो ग्रॅनाइट दडलाय तो तिथं उघडा उन्हात पडलेला दिसेल, त्यावर हात ठेवून बघ. विहिरीचं मोजमाप मीटरमध्ये लिही आणि पुढच्या पत्रात मला पाठव.