भावापासून सुरुवात करायला सांगितलं कुणी?

प्रश्न : ताई, गेले चार महिने रोज रात्री झोपण्यापूर्वी मी दहा मिनिटं डोळे मिटून बसते आणि 'सगळे सुखी होवोत' असं मनात म्हणते. पहिली दोन-तीन मिनिटं बरी जातात. मग थोरला भाऊ आठवतो. आई दोन वर्षं अंथरुणाला खिळलेली होती. तेवढ्या काळात तो एकदाही रात्रीचा थांबला नाही. शेवटच्या दिवशी मात्र आला आणि सगळ्यांना कामं वाटून देऊ लागला. त्याचा चेहरा समोर आला की माझे दात आवळले जातात. सख्ख्या भावावर माया करता येत नाही आणि मी निघालेय जगावर करायला! हे ढोंग बंद करावं का?

उत्तर : बंद नका करू. भावाला तेवढं रांगेत मागे उभं करा. त्याच्यापासून सुरुवात करायला तुम्हाला सांगितलं कुणी?

पाचव्या शतकात श्रीलंकेत बुद्धघोष या बौद्ध भिक्षूंनी पालीत 'विसुद्धिमग्ग' हा साधनेचा ग्रंथ लिहिला. तुम्ही रात्री करता तोच, सगळ्यांचं भलं इच्छिण्याचा, म्हणजे मैत्रीभावनेचा सराव त्यात इतका बारकाईनं दिलाय, की एखाद्या अनुभवी सिस्टरनं नवीन मुलीला वॉर्ड दाखवावा. आणि आधी काय येतं, तर सुरुवात कुणापासून करू नये ते. नावडता माणूस नको, वैरी नको, हे आपल्यालाही कळतं. पण जिवलगही नको म्हणतात, कारण त्याला जरा काही झालं की आपल्यालाच रडू येतं. ज्याच्याशी आपलं काही देणंघेणं नाही असाही नको, त्याला आदराच्या जागी बसवताना दमछाक होते. वारलेला माणूस तर नकोच. एक तरुण भिक्षू आपल्या गुरूंना मनात आणून बसला, पण काही केल्या जमेना. मागाहून कळलं, की गुरू केव्हाच गेले होते.

सुरुवात स्वतःपासून करायची. मग ज्यांच्याबद्दल आदर आहे ते, मग जिवलग, मग ना घेणं ना देणं असा कुणी, आणि सगळ्यांत शेवटी वैरी. तुम्ही पहिल्याच रात्री शेवटचं गणित सोडवायला घेतलंत.

स्वतःपासून म्हटलं की पुष्कळ जणींना अवघडल्यासारखं होतं, मलाही व्हायचं. पण तुमचं पत्र पुन्हा वाचून बघा. भाऊ रात्री थांबला नाही, हे तुम्ही लिहिलंय. मग दोन वर्षं थांबत कोण होतं? ते पत्रात कुठेच नाही, भावाच्या न येण्यावरून मला ताडावं लागलं. पहिले काही आठवडे त्या न लिहिलेल्या बाईसाठी बसा. 'सगळे सुखी होवोत'मधल्या सगळ्यांत तीही येते.

मला स्वतःला या रांगेतला सर्वांत महत्त्वाचा वाटतो तो चौथा, ना घेणं ना देणं असलेला. वैऱ्याची आपण नको इतकी काळजी करतो. वैरी असतात किती? दोन, फार तर तीन. जिवलगही हाताच्या बोटांवर मोजण्याइतके. बाकी सगळं जग या चौथ्या रांगेत उभं आहे, आणि आपण त्याच्याशी वाईट वागतो ते रागानं नव्हे, घाईनं.

मी तेहतीस वर्षं परिचारिका होते. एका संध्याकाळी ड्यूटी बदलायच्या वेळी व्हरांड्यात एका माणसानं मला थांबवलं. 'सिस्टर, एक मिनिट.' हातात चिठ्ठी होती. 'आलेच,' म्हणून मी पुढे गेले. त्याच्यावर राग नव्हता, कंटाळाही नव्हता. तो मला नीट दिसलाच नव्हता. परत आले तेव्हा पाऊण तास उलटला होता. तो वॉर्डातल्या एका रिकाम्या पलंगासमोर स्टुलावर बसला होता. चिठ्ठीवर एवढंच लिहिलेलं, की त्याच्या बायकोला वरच्या मजल्यावर हलवलंय. त्याला वाचता येत नव्हतं. पाऊण तास त्यानं त्या रिकाम्या पलंगाकडे बघून काय समजूत करून घेतली असेल, ते मी कधी विचारलं नाही. त्याला वर पोहोचवून आले. त्याचं नाव विचारायचं तेव्हाही राहिलंच.

पुढे कधीतरी डार्ली आणि बॅटसन या मानसशास्त्रज्ञांचा १९७३ साली प्रसिद्ध झालेला प्रयोग वाचनात आला, तेव्हा हाच माणूस आठवला. अमेरिकेत प्रिन्स्टनमध्ये ख्रिस्ती धर्मोपदेशक होण्यासाठी शिकणाऱ्या ४० विद्यार्थ्यांना एका इमारतीतून दुसऱ्या इमारतीत पाठवलं. त्यांतल्या काहींना तिथं जाऊन, वाटेत पडलेल्या जखमीला मदत करणाऱ्या परक्याच्या, बायबलमधल्या त्या कथेवरच बोलायचं होतं. वाटेत दाराशी एक माणूस खोकत, कण्हत बसवून ठेवला होता. ज्यांच्याकडे भरपूर वेळ होता त्यांच्यापैकी ६३ टक्के थांबले. ज्यांना 'उशीर झालाय, पळा' असं सांगितलं होतं त्यांच्यापैकी १० टक्के. कथेवर बोलायला निघाला होता की दुसऱ्याच विषयावर, यानं म्हणावा असा फरक पडला नाही. काही जण तर त्याला ओलांडून गेले. तेव्हा रात्रीच्या दहा मिनिटांतली पाच दिवसाकडे वळवा. रोज एका माणसापाशी पाच मिनिटं कमी घाईत राहा. मनात प्रेम दाटून आलं पाहिजे असं नाही.

आता भाऊ. अंगुत्तर निकाय या बौद्धांच्या पाली ग्रंथात बुद्धांचे शिष्य सारिपुत्त यांनी नकोशा माणसांसाठी दाखले दिलेत, त्यांतला एक माझा आवडता. गाईच्या खुराच्या खळग्यात थोडं पाणी साचलंय. तहानलेल्यानं हात घातला की ते गढूळ होणार, म्हणून तो चक्क ओणवा होऊन तोंड लावून पितो. ज्या माणसात चांगलं अगदी तेवढंच उरलंय, त्याच्याकडे असं बघायचं. तुमच्या भावात तेवढं तरी आहे का, मला ठाऊक नाही. वॉर्डात पाहिलेलं मात्र सांगते : जो नातेवाईक सगळ्यांत कमी आलेला असतो, तो शेवटच्या दिवशी सगळ्यांत मोठ्यानं बोलतो आणि सगळ्यांना कामाला लावतो. हात रिकामा राहिला तर दोन वर्षं आठवतील, ही भीती असते बहुधा. त्याला माफ करा असं मी म्हणत नाहीये. पुढच्या वेळी तो चेहरा समोर आला तर त्यावर एवढी भीती दिसते का, तेवढं बघा.

प्रश्न : मावशी, मी सव्वीस वर्षांचा आहे. संकटात असलेल्या लोकांचे फोन घेण्याचं काम करतो. प्रत्येकाचं दुःख माझं होऊन जातं. आता फोन वाजला की पोटात गोळा येतो. माझ्यातली करुणा आटली का?

उत्तर : वय लिहिलंयस म्हणून 'तू'च म्हणते. आटलीये ती करुणा नव्हे. दुसऱ्याची वेदना आपल्यात घेणं वेगळं आणि त्याचं भलं व्हावं ही इच्छा धरणं वेगळं. ताप आलेल्याच्या शेजारी झोपून आपणही तापानं फणफणलो, तर थंड पट्ट्या कोण ठेवणार? ओल्गा क्लिमेकी आणि तानिया सिंगर या संशोधक बायकांनी हाच फरक तपासला. आधी लोकांना दुसऱ्याच्या वेदनेशी समरस व्हायला शिकवलं, तर त्यांचीच अस्वस्थता वाढली. मग त्याच लोकांना करुणेचा सराव दिला, तेव्हा ती ओसरली आणि मनाला उभारी आली.

मी भाजलेल्या रुग्णांच्या वॉर्डात होते, तिथं पहिले सहा महिने घरी जाऊन रोज रडायचे. एका ज्येष्ठ सिस्टरनं सांगितलं, 'ड्रेसिंग करताना त्याचा चेहरा नको बघत बसूस, आपला हात बघ. हात हलका आहे का, एवढंच बघ.' मला तेव्हा ते निर्दयपणाचं वाटलं. पण हात हलका झाला, आणि मग चेहऱ्याकडेही बघता येऊ लागलं. फोनवर तुझा हात म्हणजे तुझा आवाज. तो घाईत आहे का, तेवढं ऐक. दोन फोनच्या मध्ये उठून खिडकीपर्यंत जाऊन ये. आणि पोटातला गोळा महिनाभरात गेला नाही तर रजा घे, वरिष्ठांना सांग, गरज वाटली तर स्वतःही समुपदेशकाकडे जा. त्यात कमीपणा नाही.

प्रश्न : आमचा वरिष्ठ हाताखालच्या मुलांना सर्वांसमोर वाट्टेल ते बोलतो. लेखी तक्रार करावी वाटते, पण मग 'सर्वांवर प्रेम' कुठे राहिलं?

उत्तर : पसायदानातच आहे ते. १२९० साली ज्ञानेश्वरी पुरी करताना माउलींनी 'खळांची व्यंकटी सांडो' असं मागितलं. व्यंकटी म्हणजे वाकडेपणा. खळ नाहीसे होवोत असं मागितलं नाही, आणि खळांना काही म्हणू नका असंही नाही. वाट्टेल ते बोलून काहीच होत नाही, हे रोज दिसत राहिलं तर वाकडेपणा सांडणार कसा? योगसूत्रांत पतंजलीही सगळ्यांना एकच औषध देत नाहीत : सुखी माणसाशी मैत्री, दुःखितावर करुणा, पुण्यवानाला पाहून आनंद आणि वाईट वागणाऱ्याबद्दल उपेक्षा. या उपेक्षेचा अर्थ आज आपण 'दुर्लक्ष' असा करतो. इथं तो मनाचा तोल न ढळू देणं असा घ्यायचा. तोल सांभाळून तक्रार लिहिता येते.

तेव्हा लिहा. काय बोलला, कुणासमोर, कुठल्या तारखेला, एवढंच. ज्या मुलांबद्दल लिहिताय त्यांना आधी विचारा, त्यांची नावं घातलेली चालतील का. 'हा माणूसच तसला आहे' असं कुठे आलं असेल तर ते वाक्य खोडा. आणि पोच घेऊन एक प्रत स्वतःजवळ ठेवा.