पंचायत म्हणते, ते तुमचं आपसातलं

प्रश्न : नमस्कार वकीलसाहेब. फोंडा तालुक्यात आमचं जुनं घर आहे, सासूबाई आणि मी राहतो. शेजाऱ्यांनी आधी आमच्या बाजूला लाकडं ठेवायला पत्र्याची शेड घातली, मग तिला चिऱ्यांच्या भिंती आल्या आणि यंदा चवथीच्या सुट्टीत वर स्लॅबच पडला. आमच्या स्वयंपाकघराच्या खिडकीतून हात बाहेर काढला की त्यांची भिंत लागते, भर दुपारी लाइट लावावी लागते, आणि त्यांच्या स्लॅबचं पाणी आमच्या भिंतीवर पडून चिरे हिरवे झालेत. पंचायतीत दोनदा अर्ज दिला. सचिव म्हणतात हे तुमचं आपसातलं, कोर्टात जा. खरंच पंचायतीला काही करता येत नाही का?

उत्तर : ताई, करता येतं, आणि करायलाच हवं. "आपसातलं आहे" हे उत्तर मी इतक्या लोकांकडून ऐकलंय की आता राग येतो, कारण ते ऐकून माणूस गप्प घरी जातो आणि तेवढ्यात वरचा मजला चढतो.

यात दोन गोष्टी वेगळ्या करा. शेजाऱ्याची भिंत तुमच्या सर्व्हेच्या हद्दीत आलीय का, हा जमिनीचा वाद, त्याला सीमांकन, म्हणजे मोजणी करून हद्द ठरवणं, आणि गरज पडली तर दिवाणी कोर्ट. पण परवाना न घेता बांधलं का, सेटबॅक, म्हणजे हद्दीपासून मोकळी ठेवायची जागा, सोडला का, हा प्रश्न पंचायतीचाच. गोवा पंचायत राज कायदा १९९४, कलम ६६ बघा. पंचायतीच्या परवानगीशिवाय बांधकाम करता येत नाही आणि केलं तर काम थांबवायची, पाडायची नोटीस पंचायतीने द्यायची. पंचायत महिनाभर हललीच नाही तर तेच अधिकार पंचायत खात्याच्या उपसंचालकाकडे जातात. हा महिना पंचायतीला बांधकामाची माहिती झाल्यापासून धरतात, म्हणून तुमच्या अर्जाची पोच हा सगळ्यात मोठा पुरावा. तोंडी सांगितलेलं कुणालाच आठवत नाही.

शेजारी म्हणेल घरपट्टी भरतो, घर नंबर आहे. त्याने बांधकाम कायदेशीर होत नाही, घरपट्टी हा कर आहे, परवाना नव्हे. रेग्युलराइज, म्हणजे बांधकाम नियमित करून घेतो म्हणाला तर त्यासाठीचा गोव्याचा २०१६ चा कायदा २८ फेब्रुवारी २०१४ च्या आधीच्या बांधकामांसाठी होता, यंदाच्या स्लॅबला तो लागू नाही.

आता खरं सांगायचं तर उद्याच जेसीबी येणार नाही. सुप्रीम कोर्टाने नोव्हेंबर २०२४ मध्ये सांगितलंय की पाडण्याआधी किमान १५ दिवसांची नोटीस हवी, आणि ते बरोबरच आहे, समोरच्यालाही म्हणणं मांडायला मिळालं पाहिजे. तो अपिलात जाईल, स्टे मागेल, तेव्हा तुम्हीही तिथे मलाही ऐका म्हणून अर्ज करा, नाहीतर त्याची एकट्याचीच बाजू पुढे जाते. पण पाहणी आणि काम बंद करण्याची नोटीस, यासाठी थांबायचं कारण नाही. मार्च २०२५ मध्ये मुंबई हायकोर्टाच्या गोवा खंडपीठाने बेकायदा बांधकामांची स्वतःहून दखल घेऊन पंचायती-पालिकांना कारवाईचे आदेश दिलेत, अर्जात त्याचा उल्लेख करा.

सोबत आरटीआय टाका. शेजाऱ्याच्या बांधकामाला परवाना दिलाय का, प्लॅन कुठला मंजूर झाला, माझ्या अर्जांवर पाहणी झाली का, एवढे तीनच प्रश्न, उत्तर ३० दिवसांत यायला हवं. परवानाच नाही असं लेखी आलं की निम्मं काम झालं. महिना उलटून काहीच नाही झालं तर सगळी कागदपत्रं लावून उपसंचालकांकडे जा, तिथेही ढिम्म असतील तर पर्वरीला हायकोर्टात रिट करता येते, अधिकारी आपलं काम करत नाहीत त्यांना ते करायला लावा एवढंच मागायचं.

सासूबाईंना त्या भिंतीशेजारी ओल्यात झोपवू नका, खाट दुसऱ्या खोलीत घ्या. आणि आधीच्या दोन अर्जांची पोच शोधा. नसेल तर सोमवारी तिसरा अर्ज घेऊन जा, खिडकीचा आणि हिरव्या चिऱ्यांचा फोटो तारखेसकट जोडा, आणि तुमच्या कॉपीवर शिक्का व इनवर्ड नंबर पडेपर्यंत टेबलासमोरून हलू नका.