टाकवतही नाही, उघडवतही नाही

"मॅडम, कोणी गेलेलं नाही, धड भांडणही झालं नाही. तरी त्या डब्याला हात लावला की रडू येतं. चाळिशीत हे शोभतं का?" समुपदेशनाच्या पहिल्याच भेटीत एका बाईंनी विचारलं. शब्द बदलतात, पण ही काळजी घेऊन बरेच जण येतात. तुटलेल्या मैत्रीच्या वस्तू जपतोय म्हणजे आपण मागेच अडकलोय का? (ओळख पटेल असे तपशील इथे बदलले आहेत.)

पुढच्या वेळी त्या डबाच घेऊन आल्या. पत्र्याचा, झाकण गंजलेलं. आत टोपण हरवलेलं पेन, एक बटण (कशाचं, ते त्यांनाही आठवेना) आणि एक वही. वर्गात तास चालू असताना दोघी मैत्रिणी वहीच्या मागच्या पानांवर लिहून गप्पा मारायच्या. यांची निळी शाई, मैत्रिणीची पेन्सिल.

घरातलं माणूस गेलं तर लोक भेटायला येतात. मैत्रीण दुरावली तर कोण येतं? ज्याची समाज दखलच घेत नाही, अशा दुःखाबद्दल अमेरिकी अभ्यासक केनेथ डोका यांनी १९८९च्या पुस्तकात लिहिलं. मी त्याला 'बेदखल दुःख' म्हणते. बोलायला माणूस नसलं की ते वस्तूंत जाऊन बसतं.

'टाकून द्या, मोकळ्या व्हाल' असं मी म्हणाले नाही. उमेदीच्या काळात एकाला म्हणाले होते. त्याने ऐकलं, आणि दोन महिन्यांनी फाडलेल्या त्याच पत्रांसाठी माझ्यासमोर रडला.

जपणं हा काही आजार नव्हे. झोप उडते का, काम अडतं का, नव्या माणसांना जवळ येऊ देता का, एवढं मी विचारते. तिसऱ्या प्रश्नाला त्या गप्प झाल्या.

"शेवटचं पान वाचून दाखवता?"

पेन्सिलीतली ओळ पुसट झाली होती. 'तू उद्या माझ्या बाजूने बोलशील ना?' खाली पान कोरं.

बऱ्याच वेळाने त्या म्हणाल्या, "इतकी वर्षं मी धरून बसले होते, की तिने मला सोडलं."

मी एवढंच सुचवलं की उत्तर लिहा, कुणाला पाठवायचं नाही. पुढच्या भेटीत त्यांनी वही उघडून माझ्यापुढे सरकवली. कोऱ्या जागेत निळ्या शाईत लिहिलं होतं, 'नाही बोलले. घाबरले होते.'

"आणि डबा?"

"आहे तिथेच आहे. वही तेवढी बाहेर ठेवलीय."