कॅमेरा कुणाचा होता?

प्रश्न: परवा एक डॉक्युमेंटरी बघितली, त्यात अतिरेक्यांनी स्वतःच शूट केलेल्या व्हिडिओचे तुकडे दोन-तीन मिनिटं सलग, तेही त्यांच्याच म्युझिकसकट. वाटलं, अरे ही तर त्यांचीच जाहिरात चाललीय. पण दाखवायचंच नाही म्हटलं तर लोकांना कळणार कसं?

उत्तर: तुम्ही म्युझिकचं बोललात ना, तिथेच सगळी गोम आहे. असं फुटेज म्हणजे पुरावा असतो हे खरं, पण ते काढलं कुणी आणि कुणासाठी हे आधी विचारायचं असतं, आणि बरेच डायरेक्टर तेवढंच विसरतात. १५ मार्च २०१९ ला न्यूझीलंडमधल्या क्राइस्टचर्चच्या दोन मशिदींत ५१ माणसं मारली गेली, हल्लेखोर ते फेसबुकवर लाइव्ह दाखवत होता आणि पहिल्या २४ तासांत फेसबुकला त्याच्या १५ लाख कॉप्या काढाव्या लागल्या. म्हणजे तिथे कॅमेरा हे पण हत्यारच होतं. तो व्हिडिओ जसाच्या तसा लावला की प्रेक्षक आपोआप त्याच्या डोळ्यांनी बघायला लागतो, मग वरून निवेदक कितीही गंभीर आवाजात बोलू दे.

जुन्या फुटेजचंही तेच. मे १९४२ मध्ये नाझींनी पोलंडमधल्या वॉर्सा घेट्टोत, म्हणजे ज्यूंना कोंडून ठेवलेल्या वस्तीत, शूटिंग केलं, ती रिळं युद्धानंतर सापडली आणि कित्येक वर्षं लोक ती घेट्टोतलं खरं जगणं म्हणून वापरत राहिले. १९९८ मध्ये आणखी एक रीळ मिळालं, त्यात उरलेले टेक होते. बऱ्या कपड्यातले लोक उपाशी पोरांकडे न बघता दुकानात शिरतायत, मग पुन्हा तेच, मग पुन्हा, आणि मध्येच फ्रेममध्ये कॅमेरामन. सगळं करवून घेतलेलं! आता तेच उरलेले टेक जोडून दाखवले तर तेच फुटेज नाझींच्या विरोधात साक्ष देतं, मला तर आर्काइव्हचा सगळ्यात चांगला वापर हाच वाटतो.

मग करायचं काय, तर आवाज काढायचा, लोगो कापायचा, क्लिप छोटी ठेवायची, 'हा प्रचारासाठी काढलेला व्हिडिओ आहे' हे स्क्रीनवर लिहायचं (कोपऱ्यात मुंगीएवढ्या अक्षरात नाही, प्लीज) आणि मारायच्या क्षणाआधी थांबायचं.

प्रश्न: हल्लेखोराचा चेहरा ब्लर केला की झालं ना?

उत्तर: नाही हो. उलट कधीकधी ब्लरमुळे तो उगाच गूढ वाटायला लागतो. ब्लर आधी आठवायला हवं ते मरणाऱ्या माणसासाठी, त्याला कुणी विचारलेलं नसतं आणि घरच्यांना तीच क्लिप दर वर्षी टीव्हीवर दिसते. फ्रेंच डायरेक्टर क्लोद लांझमानने नाझींनी केलेल्या ज्यूंच्या कत्तलीवरच्या 'शोआ' या डॉक्युमेंटरीमध्ये (१९८५) नऊ तासांहून जास्त वेळ एकही आर्काइव्ह शॉट न वापरता नुसत्या माणसांना बोलतं केलं. सगळ्यांनी तसंच करावं असं मी म्हणणार नाही, पण फुटेज नसेल तर सिनेमा अडतो हे मात्र मला कुणी सांगू नये.