अनुभवी नर्स आणि ‘नॉट गिव्हन’

“मॅडम, आम्ही मराठी मीडियमवाले. रीडिंगमध्ये साडेसहाच्या पुढे गाडी जातच नाही. इंग्रजीच कच्चं, दुसरं काय!” ब्रिटनला जाऊ पाहणाऱ्या नर्सेसकडून हे मी नेहमी ऐकते. तिथल्या नोंदणीसाठी आयईएलटीएस ॲकॅडमिक ही इंग्रजीची परीक्षा दिली तर रीडिंगमध्ये 7 बँड लागतो, म्हणजे 40 पैकी साधारण 30 उत्तरं बरोबर.

असं म्हणणारीच एक मुलगी, आयसीयूत काम करणारी. तिने सोडवलेला सराव पेपर मागून घेतला. रिकाम्या जागा जवळजवळ सगळ्या बरोबर! इंग्रजी कच्चं असतं तर आधी तिथे दिसलं असतं. फुल्यांची गर्दी होती ती ट्रू, फॉल्स, नॉट गिव्हनमध्ये, म्हणजे दिलेलं विधान उताऱ्यानुसार खरं, खोटं, की उतारा त्याबद्दल काही सांगतच नाही, हे ठरवायच्या प्रश्नांत.

मग मुद्दाम तिच्याच क्षेत्रातला छोटा उतारा दिला. 1847 साली व्हिएन्नाच्या प्रसूती विभागात डॉ. सेमेलवाइस यांनी डॉक्टरांना क्लोरीनयुक्त द्रावणाने हात धुवायला लावले. मृत्यू घटले, तरी अनेक सहकाऱ्यांना ते पटलं नाही. खाली विधान: ‘त्वचेला त्रास होतो म्हणून डॉक्टरांचा विरोध होता.’ तिने झटक्यात ट्रू लिहिलं.

“कुठे लिहिलंय?”

“लिहिलं नाहीये, पण होतोच ना त्रास! माझे हात बघा.”

हात खरंच कोरडे पडून भेगाळले होते. पण उताऱ्यात विरोध आहे, त्याचं कारण नाही. उत्तर नॉट गिव्हन. ‘सगळ्यांनी लगेच मान्य केलं’ असं विधान असतं, तर ते फॉल्स. कारण उतारा थेट उलट सांगतो. माझ्या मते इथे नवख्यापेक्षा जाणकारच जास्त फसतो.

तिला एकच सवय लावली. ट्रू किंवा फॉल्स लिहायचं तर ज्या शब्दांच्या जोरावर लिहितोय, त्यांच्याखाली पेन्सिलने रेघ मारायची. रेघ मारायला जागाच नसेल तर नॉट गिव्हन. या प्रकारात उत्तरं उताऱ्याच्या क्रमानेच येतात. तिसरं आणि पाचवं सापडलं की चौथ्यासाठी त्या दोहोंच्या मधलाच भाग वाचायचा, अख्खा उतारा पुन्हा चाळत बसायचं नाही.

तीन उताऱ्यांना मिळून 60 मिनिटं, आणि उत्तरं उतरवायला वेगळा वेळ नाही. चुकीला गुण कापत नाहीत, तेव्हा एखादं विधान अडलंच तर अंदाजाने लिहून पुढे सरकायचं. कुठल्या पेशंटपाशी किती थांबायचं हे रोज ठरवणाऱ्या मुलीला एवढं तरी समजावावं लागलं नाही.